डावीकडचा नववा खण

मायनस मावशीचं दुकान म्हणजे एक लांबलचक भिंत आणि तिच्या मधोमध एक खुर्ची. बाकीचं सगळं नंतर दिसतं: समोरच्या भिंतीवरचा अक्षरांचा तक्ता, काउंटरवर मांडलेल्या फ्रेमा, मागच्या खोलीच्या दारावरचा जाड हिरवा पडदा. नवं गिऱ्हाईक आधी भिंतच बघत राहतं. खुर्चीच्या दोन्ही अंगांना छोटे छोटे लाकडी खण, खणांत चष्म्याच्या काचा. भिंतीकडे तोंड करून उभं राहिलं की डाव्या हाताला सगळे मायनस, उजव्या हाताला सगळे प्लस. आणि मध्ये, खुर्चीच्या डोक्यावर, एक रिकामी फळी.

"इथं काय ठेवता हो?" लोक विचारतात.

"तिथं शून्य ठेवलंय," मावशी म्हणते. "चोरीला जायची भीती नाही."

खुर्चीपासून पहिला खण एका पावाचा, दुसरा दोन पावांचा, तिसरा तीन पावांचा, असं दोन्हीकडे. कारखान्यातून येणाऱ्या पाकिटांवर नंबर दशांशात छापलेला असतो. मावशी पाकीट नाकाशी धरते, ओठ हलवते, "सात पाव" म्हणते आणि सातव्या खणात टाकते. कुणी दशांश काढलाच तर म्हणते, "नंबर वाढतो पावापावानं, मग मोजायचा दुसऱ्या कशानं? दूध लिटरनं घ्यायचं आणि सांगायचं फुटात, असलं काम आपल्याला जमत नाही."

नवरा होता तेव्हा काचा कापायचा तोच, नंबर तपासायचा तोच आणि गिऱ्हाइकावर खेकसायचाही तोच. "अहो, नीट बघून वाचा की!" हे त्याचं पालुपद. एक दिवस मावशीनं सगळ्यांदेखत विचारलं, "नीट बघून वाचता आलं असतं तर ते आपल्याकडे कशाला आले असते?" दुकानात हशा पिकला. त्या दिवसापासून खुर्चीचा ताबा मावशीकडे आला, नवऱ्याची रवानगी मागच्या खोलीत झाली, आणि त्याचा आवाज बाहेर येऊ नये म्हणून पडदा लागला तो हिरवा. आवाज तरीही यायचा. मावशी हसायची.

नवरा गेला. मुलाला काचांत रस नव्हता, त्यानं लांबच्या गावी नोकरी धरली. तो सुट्टीला येतो, जेवतो, झोपतो, जातो. पडद्याआडची जागा घेतली ती सुनेनं. लग्नाआधी तिनं काचा घासायचं चाक पाहिलंही नव्हतं, पण हात असा स्थिर की पहिलीच काच फ्रेमेत टपकन बसली. मावशी तेव्हा काही बोलली नाही. दुपारी शेजारच्या कुलूपवाल्याला मात्र सांगून आली, "आमच्या सुनेचा हात बघा एकदा. कुलपाचा चाप बसावा तशी काच बसवते." कुलूपवाल्यानं ते संध्याकाळी सुनेला सांगितलं. सुनेनं ते आजवर कुणाला सांगितलेलं नाही, पण विसरलेलीही नाही.

हात चांगला होता. गोची होती बेरजेची.

मावशीची तपासायची रीत जगावेगळी. जुनं गिऱ्हाईक आलं की इतर ठिकाणी पहिल्यांदा चष्मा काढून ठेवायला सांगतात. मावशी काढू देत नाही. "वर्षानुवर्षं काचेमागे राहिलेला डोळा एकदम उघड्यावर आणला की बावचळतो, भलतंच सांगतो," म्हणते. डोळ्यावरच्या जुन्या चष्म्यालाच ती वरून एक चिमटा लावते आणि त्यात एकेक पावाची काच सरकवत जाते.

"आता बरं, की मघाचं बरं?"

"आताचं बरं."

"खरं सांगा. तोंड हो म्हणतंय, पण भुवया नाही म्हणतायत."

गिऱ्हाईक ओशाळतं. मावशी पाव काढून घेते. तिच्या या भुवया-परीक्षेतून कुणी सुटलेलं नाही. शिवणकाम करणारी एक बाई हट्टानं जादा नंबर मागायला आली होती. "डोळ्याला हवं तेवढंच मिळेल, पाव जास्त नाही," म्हणून मावशीनं तिला जुन्याच नंबरावर परत पाठवलं आणि फक्त दिवा शिवणयंत्राच्या डावीकडे ठेवायला सांगितलं. बाई तोंड वाकडं करून गेली आणि आठवड्यात नणंदेला घेऊन आली.

तर चिमट्यात काचा बसल्या की मावशी पडद्याकडे तोंड करून हाक देणार: "जुने तीन पाव, वर दोन पाव, सगळे मायनस!" एकूण किती ते ती स्वतः सांगत नाही. ज्याच्या हातात काच, त्यानं बेरीज करायची आणि पडद्याआडून ओरडून सांगायची. उत्तर ऐकल्याशिवाय मावशी खुर्चीवरचा माणूस उठू देत नाही.

पहिल्या आठवड्यात ही हाक आली तेव्हा सुनेनं कागद घेतला. तीन चतुर्थांश अधिक दोन चतुर्थांश. वर तीन आणि दोन पाच, खाली चार आणि चार आठ.

"मायनस पाच अष्टमांश!" तिनं ठणकावून सांगितलं.

पडदा बाजूला झाला. मावशी कमरेवर हात ठेवून उभी.

"काय म्हणालीस?"

"पाच अष्टमांश, आई."

"ये. अष्टमांशाचा खण दाखव मला."

सून भिंतीसमोर उभी राहिली. डावीकडे पाव, उजवीकडे पाव. अष्टमांश कुठेच नव्हता.

"तीन पोरं अंगणात खेळत होती, आणखी दोन आली," मावशी म्हणाली. "पाच पोरं झाली, का पोरांची उंची अर्धी झाली?"

खुर्चीवरचं गिऱ्हाईक चिमट्यासकट हसायला लागलं. सूनही हसली. "पाच पाव. मायनस पाच पाव."

"हं. पाव तो पावच राहतो. आपण फक्त किती ते मोजायचं. आणि कुठल्या भिंतीला आहोत ते सोडायचं नाही."

यातलं पहिलं वाक्य सुनेच्या डोक्यात पक्कं बसलं. शेवटचं कानावरून गेलं.

पुढे दोघींचं छान जमलं. बाहेरून हाक, आतून उत्तर, मध्ये चाकाची घरघर. गिऱ्हाइकं म्हणायची, मावशीकडे नंबर काढायला नव्हे, नाटक बघायला जातो आम्ही. आणि मग सुनेला सुधारणा सुचली. तिनं दशांशातल्या छापील चिठ्ठ्या करून आणल्या, मोत्यासारख्या अक्षरांत, आणि मावशी जेवायला घरी गेलेली असताना एकेका खणावर चिकटवून टाकल्या. सासूबाई खूश होतील असं तिला वाटलं होतं.

मावशी आली. भिंत बघितली. दुकानात गिऱ्हाइकं बसलेली.

"हे कुणी केलं?"

"मी, आई. सोपं पडेल म्हणून."

"कुणाला सोपं? मला पाच पावलं चालायचं कळतं, टिंबाच्या मागं काय लपलंय ते शोधत बसायला वेळ नाही." आणि तिनं चिठ्ठ्या टराटरा काढल्या, सगळ्यांसमोर. एक सुनेनं बोटानं दाबून धरली होती, तीही निघाली.

सून पडद्याआड गेली ती मुकीच झाली. मावशीलाही मागाहून वाटलं, जरा जास्तच झालं. पण आधी बोलायचं कुणी? नाकावरचा राग नाकावरच राहिला आणि घरात-दुकानात अबोला सुरू झाला. ताट वाढलं जायचं, आवाज न करता. चहा यायचा, कप जरा आपटून. मावशी हाक द्यायची, कारण कामाला हाक लागतेच. आतून उत्तर यायचं नाही. काच कापून, चष्मा तयार होऊन बाहेर यायचा. मावशी एकेक चष्मा हातानं तपासून मगच द्यायची, आणि सगळे बरोबर निघायचे. योगायोग असा की त्या आठवड्यात येणारे बहुतेक सगळे उतारवयातले होते, वाचायचा चष्मा हवा असलेले. लांबचा नंबर मायनस, त्यावर जवळच्यासाठी प्लस. "जुने सहा पाव मायनस, वर चार पाव प्लस!" सून डावीकडे सहा खण जायची, चार खण उजवीकडे परत यायची, दुसऱ्या खणातली काच घ्यायची. जायचं आणि परत फिरायचं. हाताला तीच वाट पडली.

अशातच बसवाले भाऊ आले.

बसवाले भाऊ म्हणजे घाटातली बस चालवणारे, मानेनं जाड आणि मनानं हळवे. मावशीहून वयानं मोठे, तरी तिला "मावशी" म्हणणारे.

"मावशी, वाट लागली."

"मी तुमच्याहून लहान आहे हो. काय झालं?"

"खात्याच्या डोळेतपासणीत खालच्या दोन ओळी गेल्या. उद्या अकराला परत बोलावलंय. उद्या नाही वाचता आलं तर चाक गेलं. आगाराच्या फाटकावर बसवणार, येणाऱ्या-जाणाऱ्या गाड्या बघत. दुसऱ्यानं चालवलेल्या गाड्या बघत, मावशी."

मावशीनं जास्त बोलायला दिलं नाही. खुर्चीत बसवलं, चिमटा लावला, पाव सरकवला, दुसरा सरकवला, तिसरा सरकवून काढून घेतला. भुवया सैल झाल्या.

"जुने सात पाव, वर दोन पाव, सगळे मायनस!"

पडद्याआडून उत्तर नाही. मावशीनं मान फुरंगटून वळवली आणि भाऊंना म्हणाली, "संध्याकाळी न्या."

आत सुनेनं ऐकलं होतं. पण घासायच्या चाकावर डोळे आणि मनात चिठ्ठ्या. गिऱ्हाईक गेल्यावर ती बाहेर आली, डावीकडे सात खण गेली, दोन खण परत फिरली आणि पाचव्या खणातल्या काचा घेऊन आत गेली. हाकेतलं "सगळे मायनस" तिनं ऐकलं होतं. पायांनी ऐकलं नव्हतं.

संध्याकाळी चष्मा तयार झाला तेव्हा मावशी दुकानाच्या पायरीवर पाठ करून बसली होती. सुनेनंच तो भाऊंना दिला आणि शिरस्त्याप्रमाणे तक्त्यासमोर उभं केलं. भाऊंनी वरपासून खालपर्यंत तक्ता खडाखडा वाचला.

"एक अक्षर चुकलं नाही बघा!"

मावशीनं मागे वळून पाहिलंसुद्धा नाही. तयार चष्मा स्वतः हातात घेतल्याशिवाय दुकानाबाहेर जाऊ द्यायचा नाही हा तिचा इतक्या वर्षांचा नेम. तो त्या संध्याकाळी रागापायी मोडला.

सकाळी दुकानाचं दार उघडतंय तोच भाऊ हजर. दोन हातांत दोन चष्मे.

"मावशी, यापेक्षा माझा जुना बरा होता! समोरून येणाऱ्या बसची पाटी वाचता येईना मला. माझीच बस, माझीच पाटी!"

"पण काल तर तुम्ही सगळा तक्ता वाचलात," सून म्हणाली. अबोला कधी मोडला ते तिलाही कळलं नाही.

भाऊंनी मान खाली घातली. "तुमचा तक्ता मला पाठ आहे हो. किती वर्षं येतोय. डोळे मिटून म्हणून दाखवू?"

मावशीनं नवा चष्मा हातात घेतला. डोळ्यासमोर हातभर धरून तिनं तो हलकेच डावी-उजवीकडे हलवला. चष्म्यातून दिसणारी खिडकीची चौकट काचेबरोबर हलली. मायनस काचेतून तसंच दिसतं. मग तिनं उजव्या भिंतीवरची प्लसची एक काच चष्म्याला टेकवून परत हलवली. चौकट जरा कमी हलली. दुसरी काच. तिसरी. पाचव्या खणातली प्लसची काच टेकवली आणि चष्मा कितीही हलवला तरी चौकट जागची हलेना.

"प्लस पाच पावांनी फिटला," मावशी म्हणाली. "म्हणजे हा मायनस पाच पाव."

सून भिंतीकडे बघत होती. काल आपण कुठून कुठे चाललो ते तिला आता स्पष्ट दिसत होतं. सात खण डावीकडे. आणि मग...

"मी परत फिरले," ती पुटपुटली. "दोन मायनस होते आणि मी उजवीकडे फिरले. आई, चूक..."

"चूक माझी," मावशी भाऊंकडे बघत म्हणाली. "उत्तर आलं नाही तरी मी तुम्हाला उठू दिलं. चष्मा तपासला नाही. अबोला आमचा दोघींचा, आणि धूसर तुम्हाला दिसलं. अकराला आत जायचंय ना? बसा. पैशाचं नाव काढायचं नाही. चहा घ्या."

"चहा कसला देता मावशी, पाचावर धारण बसलीय माझी!"

"मग नुसते बसा. सूनबाई, सांग. मोठ्यानं."

सून भिंतीपुढे उभी राहिली. मावशीनं हाक दिली नाही, ती स्वतःच म्हणू लागली.

"जुने मायनस सात पाव." सात खण डावीकडे. "वर मायनस दोन पाव." पाय क्षणभर अडला. मग तिनं खुर्चीकडे पाठ करून आणखी डावीकडे पाऊल टाकलं, आणि आणखी एक. "शून्यापासून लांबच जायचं. मायनसवर मायनस आलं की अंतर वाढतं, परत यायचं नाही. मायनस नऊ पाव!"

"नऊ अष्टमांश नाही ना?" मावशीनं गंभीर चेहऱ्यानं विचारलं.

"आई!"

"विचारलेलं बरं."

भाऊ घाबरलेले, पण हसू त्यांनाही आवरलं नाही. सून नवव्या खणातल्या दोन काचा घेऊन पडद्याआड गेली. चाक घरघरायला लागलं. मावशी पडद्यापाशी उभी राहिली, आत गेली नाही. घाई कर म्हणाली नाही, जपून कर म्हणाली नाही. बाहेर भाऊ घड्याळाकडे बघत होते आणि मावशी त्यांना घाटातल्या वळणांची नावं विचारत होती. कुठलं वळण सगळ्यात अवघड? तिथं गिअर कुठला? आणि धुक्यात? भाऊ सांगत गेले. सांगता सांगता त्यांचा हात हवेत गोल फिरायला लागला, चाक धरल्यासारखा. काचा घासत असलेल्या सुनेच्या कानावर ते सगळं पडत होतं, आणि तिच्या लक्षात आलं की वेळ काढण्यापुरतं हे बोलणं नाही. कुणासाठी काम चाललंय ते आई आपल्याला ऐकवतायत, आणि एक शब्दही आपल्याला न बोलता.

पहिली काच बसली. दुसरीची कड जराशी जास्त राहिली. तिनं ती परत चाकावर धरली. टपकन बसली.

मावशीनं चष्मा घेतला, प्लसची नऊ पावांची काच टेकवली, हलवला. खिडकीची चौकट ढिम्म. तिनं चष्मा भाऊंच्या नाकावर चढवला. भाऊ सवयीनं तक्त्याकडे वळले.

"तिकडे नको! तुमच्या त्या पाठांतराचा भरवसा नाही." तिनं त्यांना दंडाला धरून दारात आणलं. "पलीकडे बघा. कुलूपवाला फळ्यावर काय लिहितोय?"

रस्त्यापलीकडे कुलूपवाला पाठ करून खडूनं लिहीत होता. भाऊंनी डोळे बारीक केले.

"डोळे बारीक करायचे नाहीत. भुवया सैल."

"किल्ली..." भाऊ म्हणाले. "किल्ली हरवली असेल तर... आधी घरी... नीट शोधा. मग या." ते थांबले. "मावशी, त्यानं 'शोधा'खाली दोनदा रेघ मारलीय."

"त्या गाडीचा नंबर?"

गाडी पळाली. भाऊंनी नंबर सांगितला. सुनेनं दारातून मान काढून पाहिलं. तिला स्वतःला तो धड दिसला नव्हता.

"तुम्हाला दिसला का, आई?"

"मला कुठला दिसायला. पण भुवया बघितल्या ना त्यांच्या." मावशीनं भाऊंच्या पाठीवर थाप मारली. "पळा. आणि तिथं गेल्यावर पाठ केलेलं काही म्हणू नका. दिसेल तेच म्हणा."

भाऊ पळत सुटले. त्या वयाचा, त्या देहाचा माणूस पळतो तसे, हातानं छातीवरचा खिसा दाबून.

मग दुकानात वेळ जाईना. गिऱ्हाइकं आली, गेली. मावशीनं दोन नंबर काढले, सुनेनं दोन्हींची उत्तरं ओरडून दिली, आणि दोन्ही वेळा मावशी पडद्याशी येऊन "परत सांग" म्हणाली. सुनेला राग आला नाही. अकरा वाजून गेले. साडेअकरा झाले.

"नापास झाले तर?" सुनेनं विचारलं.

"तर मी फाटकावर जाऊन त्यांच्या साहेबाला सांगेन, माणूस नव्हे, दुकान नापास झालंय, माणसाला परत तपासा." मावशी काच पुसत होती. ती काच केव्हाच स्वच्छ झाली होती. "आणि साहेबानं ऐकेपर्यंत तिथंच बसेन. खुर्ची नाही दिली तरी."

सुनेनं मावशीकडे पाहिलं. बाई नुसतं बोलत नव्हती. तिनं पायात चप्पल आधीच सरकवून ठेवली होती.

दुपार व्हायला आली तेव्हा रस्त्याच्या टोकाकडून एक जाड आवाज ऐकू यायला लागला. दुकानांच्या पाट्या कुणीतरी एकेक करून वाचत येत होतं. शिंप्याची, औषधवाल्याची, सायकलवाल्याची, मोठ्यानं, अगदी कोपऱ्यातल्या बारीक अक्षरांसकट. सून दाराकडे धावली. मावशी जागची हलली नाही, पण तिच्या हातातली काच मात्र तिनं खाली ठेवली.

भाऊ दारात आले. आत शिरले नाहीत. मान वर करून उभे राहिले.

"मावशी," ते म्हणाले, "खालच्या दोन्ही ओळी वाचल्या. साहेबानं सही केली. दुपारची फेरी माझी आहे. पण ते जाऊ दे. तुमच्या पाटीवर 'चष्मे'ची मात्रा पुसली गेलीय, माहीत आहे का तुम्हाला?"

"काय?" मावशी बाहेर आली. डोक्यावरचा वाचायचा चष्मा नाकावर ओढून तिनं पाटीकडे पाहिलं, काही दिसेना म्हणून परत डोक्यावर सरकवला. "कुठे? सूनबाई, खरंच पुसलीय का?"

"पुसलीय, आई. कधीची कुणास ठाऊक."

"आणि इतकी वर्षं एक गिऱ्हाईक बोललं नाही!"

"कसं बोलेल?" भाऊ म्हणाले. "आत जाताना कुणाला दिसत नाही, आणि बाहेर येताना सगळे रस्त्याकडे बघत जातात."

मावशी खो खो हसली, तिथेच पायरीवर, हिरव्या पडद्यापर्यंत ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं. मग तिला एकदम घड्याळ दिसलं.

"अहो, दुपारची फेरी म्हणालात ना? मग इथं पाट्या काय वाचत बसलात? निघा! गाडीत माणसं खोळंबली असतील."